मंगळवारचा कॅप्टन

८ ऑक्टोबर २०२५, बुधवार

सव्वीस वर्षं कंपनीने दर जानेवारीला डायरी दिली आणि सव्वीस वर्षं माझ्या बायकोने, स्मिताने, ती वाण्याच्या यादीला वापरली. या ऑगस्टमध्ये कंपनीने अबू धाबीजवळच्या मुसफ्फातलं आमचं डिपार्टमेंटच बंद केलं आणि डेप्युटी मॅनेजर उपेंद्र कर्णिक, वय पंचावन्न, मोहम्मद बिन झायद सिटीतल्या आपल्या फ्लॅटमध्ये येऊन बसले. डायरीही बरीच कोरी आहे आणि मीही मोकळा आहे. तेव्हा लिहू या.

'बसले' म्हणणं तसं बरोबर नाही. शोध चालू आहे. पूर्वी स्मिता माझ्या व्हिसावर होती, आता मी तिच्या व्हिसावर आहे. ती शाळेत गणित शिकवते आणि ही गोष्ट कुणापाशी बोलत नाही. मी मात्र सगळ्यांना सांगतो. आधी आपणच हसून घेतलं की लोकांना हसायला फारसं उरत नाही.

काल केयाबरोबर दुबईला गेलो होतो. केया आमची एकुलती एक, चोवीस वर्षांची, अबू धाबीत आर्किटेक्टच्या ऑफिसात आहे. तिने आणि तिची कॉलेजची मैत्रीण अफशा हिने नवीन खूळ काढलंय, कर्लिंग. दर मंगळवारी संध्याकाळी अल क्वोजला जायचं. "बाबा, एकटीला ड्राइव्ह इज सो बोअरिंग. चला ना." एवढ्या लांब पोरीला एकटं कसं पाठवायचं? म्हटलं, चल, सोबत म्हणून येतो. मार्चमध्ये ती एकटीच रास अल खैमाला जाऊन आली होती खरी, पण तेव्हा मला ऑफिस होतं, वेळ नव्हता.

अल क्वोजमध्ये गॅरेजं, फर्निचरवाले आणि टाइल्सची गोदामं यांच्या रांगेत एका गोदामाचं दार उघडलं की आत बर्फ. बाहेर छत्तीस डिग्री, आत स्वेटर. बर्फाच्या लांबलचक पट्टीच्या टोकाला एकात एक रंगीत वर्तुळं काढलेली असतात, त्याला म्हणतात घर. या टोकावरून वीस किलोचा दगड सोडायचा आणि तो घराच्या मधोमध थांबला पाहिजे. दोघं जण त्याच्यापुढे झाडूने बर्फ घासत पळतात. घासलं की दगड लांब जातो आणि सरळ जातो, नाही घासलं की वळतो. दोन टीम, चार-चार माणसं, प्रत्येक डावात आठ-आठ दगड. शेवटी मध्याच्या सगळ्यात जवळ ज्यांचा दगड, त्यांचे पॉइंट. कॅप्टन पलीकडे घरात उभा राहून दगड कुठे टाकायचा ते सांगतो, आणि शेवटचे दोन दगड स्वतः टाकतो.

"हा तर कॅरम झाला," मी म्हणालो. कंपनीच्या कॅरम स्पर्धेत मी २००३ ते २००९ सलग सात वर्षं पहिला आलेलो आहे.

शिकवायला सिग्ने नावाच्या स्वीडिश बाई आहेत. माझ्याहून दोनेक वर्षांनी मोठ्या असतील. दोनदा जगज्जेत्या, चारदा युरोपच्या विजेत्या. एवढी मोठी खेळाडू अल क्वोजच्या गोदामात काय करते, असं मी सरळच विचारलं. म्हणाल्या, नवरा शिपिंगमध्ये आहे आणि गुडघ्यांना थंडी सोसत नाही. आयुष्यभर बर्फावर खेळलेल्या बाईला शेवटी वाळवंट मानवलं, याला काय म्हणावं.

१५ ऑक्टोबर, बुधवार

आमची टीम झाली. केया, अफशा, मी आणि अफशाची आई साजिदाताई. या मूळच्या दापोलीकडच्या. दुबईच्या मीना बाजारात त्यांच्या यजमानांचं, इद्रीसभाईंचं, कापडाचं दुकान आहे. बाई ठणठणीत आहेत. त्यांच्या हाकेला खाडीच्या पलीकडून अब्रावाला नावाडी ओ देईल.

"दोघी पोरींनी बरोबर डाव साधला," त्या मला म्हणाल्या. "मला अफशाने आणलंन, तुम्हाला केयाने. घरात बसून कटकट करतात, कुठे तरी गुंतवा यांना."

त्यांचा गैरसमज झालाय. मी सोबत म्हणून येतो, हे मी त्यांना समजावून सांगितलं. त्या म्हणाल्या, "हो हो, तसाच."

सिग्नेबाईंनी विचारलं, कॅप्टन कोण? या खेळात त्याला स्किप म्हणतात, पण मला ते पटत नाही, कॅप्टन तो कॅप्टन. तिघी एकमेकींकडे बघायला लागल्या. मग केया म्हणाली, "बाबा शुड डू इट." साजिदाताईंनी आणि अफशाने माना डोलावल्या. मी दोनदा नको म्हटलं, तिसऱ्यांदा कुणी आग्रह केला नसता म्हणून लगेच हो म्हटलं.

सव्वीस वर्षांत चार मॅनेजर आले आणि गेले, एक तर माझ्या हाताखाली शिकलेला होता. मी डेप्युटीचा डेप्युटीच. इथे माझ्या डोक्यावर कुणी नाही. मला फार बरं वाटलं, इथे लपवून काय करायचं.

२२ ऑक्टोबर, बुधवार

दिवाळी असूनही प्रॅक्टिस चुकवली नाही. चकल्या नेल्या होत्या. सिग्नेबाईंनी सात खाल्ल्या आणि विचारलं, ही वर्तुळं मध्यावरून सुरू करतात की बाहेरून? खेळाडूची नजर आहे बाईंची.

बूट घेतले. एका बुटाचा तळ गुळगुळीत असतो, घसरायला. साडेतीनशे दिरहम, म्हणजे साडेआठ हजार रुपये, असं मी दुकानातच मोठ्याने म्हणालो. केया म्हणाली, "बाबा, प्लीज. इट्स माय ट्रीट." पोरगी कमावती झाली की बापाला बूट घेऊन देते. मी बूट घातले आणि दुकानातच घसरलो.

५ नोव्हेंबर, बुधवार

लीग सुरू झाली. चार टीम, प्रत्येकीशी दोनदा खेळायचं, रमजानच्या आत सगळं संपवायचं. काल आमची पहिली मॅच होती, कोरियन इंजिनिअरांशी. जिंकलो.

शेवटच्या डावात मी केयाला सांगितलं, समोरचा त्यांचा लाल दगड ठोक. कॅरममध्ये माझा नियमच होता, दिसली सोंगटी की हाण. पण तिच्या हातून दगड हळू सुटला. तो लाल दगडाला शिवलाच नाही, त्याच्या मागे जाऊन लपून बसला आणि त्यानेच आम्ही जिंकलो. "सॉरी बाबा, हात स्लिप झाला," ती म्हणाली. म्हटलं, असू दे, शिकशील हळूहळू. नशीब बलवत्तर असलं की चुकाही उपयोगी पडतात.

या खेळात जिंकणाऱ्याने हरणाऱ्याला काही तरी पाजायची पद्धत आहे. बाजूच्या कॅफेटेरियातून मी सगळ्यांना इथला तो कडक, दुधाळ करक चहा पाजला. कॅप्टनचं कामच आहे ते.

१९ नोव्हेंबर, बुधवार

दुसरी मॅचही जिंकलो, लेबनीज डॉक्टरांशी. आता बर्फ माझं ऐकायला लागलाय. मी "घासा, घासा" ओरडत होतो आणि साजिदाताई आणि केया मध्येच थांबल्या. दगड वळला आणि नेमका मध्यावर गेला. मी रागावलो, थांबलात का? साजिदाताई म्हणाल्या, "दम लागला भाऊ, वय झाला ना." केयालाही त्याच क्षणी दम लागला होता. या पोरी व्यायाम करत नाहीत.

परतताना घंतूतपाशी केया म्हणाली, "बाबा, यू वेअर हमिंग." मी गुणगुणत होतो म्हणे. मला आठवत नाही.

२६ नोव्हेंबर, बुधवार

काल मॅच नव्हती. पोरी खेळत होत्या आणि सिग्नेबाई माझ्या शेजारी बाकावर बसल्या. मी त्यांना त्यांच्या कारकिर्दीविषयी विचारलं. नेटवर मी त्यांचे फोटो बघितलेत. मेडल घेतानाच्या प्रत्येक फोटोत मध्ये एक तरुण मुलगी आहे आणि सिग्नेबाई कडेला, हातात झाडू. म्हटलं, तुम्ही कॅप्टन नव्हता का?

म्हणाल्या, होते की. स्वीडनच्या उत्तरेला त्यांचं गाव, त्याचं नाव त्यांनी दोनदा सांगितलं आणि मला दोन्हीदा लिहिता आलं नाही. वडील पोस्टमन. नऊ वर्षांची असल्यापासून खेळतायत. पंचविसाव्या वर्षी राष्ट्रीय टीमच्या कॅप्टन झाल्या. सहा वर्षं होत्या, दोनदा रौप्य मिळालं. मग त्यांच्याच क्लबातून एकोणीस वर्षांची मालिन नावाची मुलगी टीममध्ये आली. ती बर्फ वाचायची. सिग्नेबाई ठोकायला सांगायच्या, तर ती काही न बोलता जरा हळू टाकायची, आणि तेच बरोबर निघायचं. एक हिवाळा असाच गेला.

"मग?"

"मग मी कोचकडे गेले आणि म्हटलं, हिला कॅप्टन करा. मी पहिले दोन दगड टाकीन आणि बाकीच्या सहांसाठी बर्फ घाशीन. पुढची अकरा वर्षं तेच केलं. सगळी सुवर्णं त्यानंतरची."

"वाईट नाही वाटलं?"

"एक आठवडा. मग आम्ही जिंकायला लागलो."

हे सांगताना त्या माझ्याकडे बघत नव्हत्या, समोर केयाकडे बघत होत्या. तिची पकड चुकत असावी.

मला विचाराल तर बाईंनी घाई केली. दोनदा रौप्य म्हणजे सुवर्ण हातातोंडाशी आलेलं. थोडा धीर धरला असता तर फोटोत मध्ये त्या असत्या. हातची खुर्ची कुणी सोडतं का? पण तिकडचे लोक साधे असतात.

१० डिसेंबर, बुधवार

जे झालं ते लिहायलाच हवं. लिहायचं धाडस होत नाही म्हणून दोन चहा झाले.

काल डंकनच्या टीमशी मॅच होती. डंकन स्कॉटिश आहे, साठीचा, गोल पोटाचा. हा खेळ त्यांच्या मुलखातलाच. ते लीगमध्ये पहिले, आम्ही दुसरे. शेवटच्या डावात आम्ही एका पॉइंटने मागे होतो आणि आमचा शेवटचा दगड बाकी होता. माझा दगड. घरात आमचे दोन दगड मध्याजवळ, मला फक्त तिसरा आत सरकवायचा होता. दोन पॉइंट तर मिळालेलेच होते. म्हणजे नुसता सोडून दिला असता तरी आम्ही जिंकत होतो.

त्याआधी डंकनने आपला शेवटचा दगड टाकला, तो फसला, आणि तो स्वतःच पाय घसरून बर्फावर बसला. बसल्या बसल्या म्हणाला, "माझ्या बायकोला सांगा, मी शेवटी दुबईत प्रॉपर्टी घेतली." मला इतकं हसू आलं की मी त्याला हात देऊन उठवलं आणि मग हात पुढे केला, टाळीसाठी. आपल्यात नाही का, कुणी झकास बोललं की आपण हात पुढे करतो, दे टाळी. जन्मभर केलंय. ऑफिसात केलंय, सासऱ्यांसमोरही केलंय.

डंकनचा चेहरा बदलला. त्याने माझ्या हाताकडे बघितलं, एकदा घराकडे बघितलं, आणि फार हळू माझा हात हातात घेतला. "आर यू शुअर?" म्हणाला. मी म्हटलं, "ऑफ कोर्स!" मग त्याच्या टीमचे तिघं आले आणि एकेकाने हात मिळवला. मला वाटलं, काय सभ्य माणसं आहेत. सगळ्यांशी हात मिळवून मी माझा दगड टाकायला गेलो, तर पोरं घरातले दगड झाडूने बाजूला सारत होती.

"अरे, माझा राहिलाय," मी ओरडलो.

तेव्हा कळलं. या खेळात मॅच संपायच्या आधी कॅप्टनने हात पुढे केला, तर त्याचा अर्थ आम्ही हरलो, खलास. पंच लागत नाही, सही लागत नाही. हात दिला की संपलं.

डंकन बिचारा म्हणाला, दगड परत लावू, उपेंद्रला माहीत नव्हतं. पण सिग्नेबाई म्हणाल्या, "नाही. हात दिलाय." आवाज चढला नाही, काही नाही. मग मला म्हणाल्या, "हे मी शिकवायला हवं होतं. चूक माझी आहे." ते जास्तच लागलं.

अफशा रडायच्या बेतात होती. साजिदाताई म्हणाल्या, "जाऊ दे भाऊ, हात दिलाव, किडनी तर नाय दिलीव." सगळे हसले. मीही हसलो. गाडीत बसल्यावर मात्र मला हसता येईना. केया गाडी चालवत होती आणि तिने एक शब्दही विचारला नाही, त्यामुळे फारच वाईट वाटलं. सव्वीस वर्षांत पहिल्यांदा कॅप्टन झालो आणि जिंकलेली मॅच टाळीत दिली.

१७ डिसेंबर, बुधवार

काल गेलो नाही. पाठ दुखतेय म्हणून सांगितलं. केयाला म्हटलं, तू जा, साजिदाताई आहेत तिथे. ती म्हणाली, "नो, इट्स फाइन," आणि खोलीत लॅपटॉप घेऊन बसली. मग मीच तिला ओरडलो, माझ्यासाठी तुझा खेळ कशाला बुडवतेस? माझ्याशिवाय तुला जाता येत नाही का?

स्मिता वह्या तपासत होती. तिने मान वर केली, चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "अहो, तुम्ही खरंच इतके हे आहात?" काय आहे ते सांगितलं नाही. परत वह्या तपासायला लागली.

१४ जानेवारी २०२६

यंदा डायरी कोण देणार? जुन्याच डायरीच्या सुरुवातीच्या कोऱ्या पानांवर लिहितोय. वार जुळत नाहीत, ते लिहीत नाही.

मधल्या एका मॅचला मी गेलो. जिंकलो. मी जपून खेळतोय. हात खिशात ठेवतो.

आज संक्रांत. तिळगूळ खात बसलो होतो. अफशा आमच्या मॅचचं मोबाइलवर शूटिंग करून ठेवते, तिच्या इन्स्टाग्रामसाठी. मला वाटलं, एकदा नीट बघून घ्यावं, कुठे कोण चुकतंय. खरं सांगायचं तर मला माझे चांगले शॉट बघायचे होते. डिसेंबरचं पुसून टाकायला.

पहिली मॅच लावली. मी घरात उभा आहे, झाडूने खुणा करतोय, छान दिसतोय. मी साजिदाताईंना ठोकायला सांगतो. साजिदाताई मान हलवतात आणि दगड सोडायच्या आधी तिरक्या नजरेने केयाकडे बघतात. केया दोन बोटं खाली करते, इवलीशी, हळू टाका म्हणून. साजिदाताई हळू टाकतात. मी व्हिडिओत टाळ्या वाजवतोय.

मागे नेऊन परत बघितलं. मग दुसरी मॅच बघितली. मग सगळ्या बघितल्या. तिळगूळ संपला.

प्रत्येक वेळी तेच होतं. मी ओरडतो घासा, केया झाडू उचलते, साजिदाताईंना दम लागतो. मी म्हणतो ठोक, केयाचा हात स्लिप होतो. आणि प्रत्येक वेळी दगड बरोबर जातो. जिथे जिथे माझं तंतोतंत ऐकलं, तिथे आम्ही पॉइंट घालवले. अशा सहा जागा सापडल्या. मग मोजायचं सोडून दिलं.

या तिघी तीन महिने मला कॅप्टन ठेवण्यासाठी माझ्या पाठीमागे खेळत होत्या. आणि मी करक पाजत होतो.

आधी भयंकर राग आला. मला सांगायचं ना! मग विचार केला, सांगितलं असतं तर मी काय केलं असतं? ऐकलं नसतं. म्हटलं असतं, तुला काय कळतं, मी सात वर्षं चॅम्पियन आहे. शेवटच्या मॅनेजरला, माझ्या हाताखालच्या त्या पोराला, मी चार वर्षं हेच ऐकवत होतो. तोही अधूनमधून काही न बोलता माझ्या ड्रॉइंग दुरुस्त करायचा. त्याचा राग मी इथवर आणलाय.

हे लिहायला मला आवडलेलं नाही. पण लिहिलंय.

१७ जानेवारी

तीन दिवस कुणाला काही बोललो नाही. डोक्यात एकच, सोडायचं की नाही. केयाला कॅप्टन केलं तर टीम जिंकेल, हे तर व्हिडिओतच दिसतंय. मग मी कोण? पुन्हा डेप्युटीच, तोसुद्धा पोटच्या पोरीचा. नोकरीच्या तीन ठिकाणांहून याच आठवड्यात नकार आलेत. निदान मंगळवारी संध्याकाळी दोन तास कुणी तरी मला विचारून दगड टाकतं. तेही खोटं निघालं. खोटं का होईना, चालू राहायला काय हरकत आहे, असंही एकदा मनात आलं. केया तर काही बोलणार नाही. जन्मभर हात स्लिप करत राहील.

ते मला चालणार नाही.

२१ जानेवारी

काल बर्फावर पाय ठेवायच्या आधी सांगून टाकलं. "आजपासून केया कॅप्टन. मी पहिले दोन दगड टाकीन आणि घाशीन."

केया एकदम पांढरी पडली. "बाबा, नो. व्हाय? डिड आय डू समथिंग?"

"मी व्हिडिओ बघितले," मी म्हणालो.

तिघी खाली बघायला लागल्या. साजिदाताईंनी तर स्कार्फ तोंडावर धरला. शेवटी त्याच बोलल्या, "भाऊ, तुम्ही किती खूश असायचाव. कोण सांगणार?"

सिग्नेबाईंनी फक्त माझा झाडू हातातून घेतला, दुसरा आणून दिला. हा जास्त घासणाऱ्यांसाठी असतो म्हणे, हलका असतो. मग मला बाजूला नेऊन पहिला दगड कसा टाकायचा ते पाऊण तास शिकवलं. घराच्या पुढे थोडा अलीकडे थांबवायचा, आडोसा म्हणून. पुढे सगळा खेळ त्याच्या मागे होतो. त्या अकरा वर्षं हेच करत होत्या. माझ्याकडून चाळीस वेळा करून घेतलं. गुडघे गेले.

परतताना पूर्ण रस्ता मला वाईट वाटत होतं. आठवडा लागेल बहुतेक.

४ फेब्रुवारी

जिंकलो. केया घरात उभी राहून काय ओरडते! ही मुलगी घरी "हम्म" च्या पलीकडे बोलत नाही. मी घासून घासून अर्धमेला. आता लेबनीज डॉक्टर तिसरे, कोरियन चौथे. आमचे आणि डंकनचे पॉइंट सारखे. पुढची मॅच त्यांच्याशीच, जो जिंकेल तो पहिला. शनिवारी दुपारी ठेवलीय, रमजानच्या आधी.

१५ फेब्रुवारी

काल मॅच झाली. स्मिताही आली होती, शाल पांघरून बाकावर बसली होती.

सात डाव झाले, बरोबरी. शेवटच्या डावात शेवटचा दगड डंकनचा, म्हणजे पारडं त्यांच्याकडे झुकलेलं. मी माझा पहिला दगड टाकला. घराच्या पुढे, मध्यरेषेवर, हातभर अलीकडे थांबला. चाळीस वेळा केलेला दगड. नियमच असा आहे की सुरुवातीला अशा आडोशाला उडवता येत नाही. नंतर उडवता येतो, पण त्यांचं लक्ष घरात होतं आणि तो तसाच राहिला.

शेवटी केयाचा शेवटचा दगड आला. डंकनचा एक दगड घरात, मध्यापासून वीतभर. केया घराकडून आमच्या टोकाला आली. तिच्या जागी साजिदाताई पलीकडे झाडू धरून उभ्या राहिल्या. केया माझ्यापाशी थांबली. घामाने केस कपाळाला चिकटलेले.

"बाबा, काय करू?"

मराठीत विचारलं. मला दिसत होतं काय करायचं ते. डंकनचा दगड उघडा होता, ठोकायचा. हात शिवशिवत होते. पण मला सहा जागा आठवत होत्या.

"तुला काय दिसतंय?"

"आडोशामागून वळवून आत. ठोकला तर आपला उघडा राहील, तो आपल्याला ठोकेल."

"मग विचारतेस कशाला?"

"तुम्हाला चालेल का, म्हणून."

मी म्हटलं, "कॅप्टन, दगड टाक. मी घासतो."

तिने सोडला. साजिदाताई ओरडल्या, "घासा रे, घासा! यल्ला!" मी आणि अफशा सुटलो. मला फक्त समोरचा बर्फ दिसत होता. मग पलीकडून आवाज आला, "बस्स! नका घासू!" आणि मी लगेच झाडू उचलला. दगड माझ्या आडोशाला चाटून गेला नाही इतकंच, वळला आणि डंकनच्या दगडाच्या पुढे, मध्याला टेकून थांबला. मी गुडघ्यांवर होतो. उठता येईना.

डंकनला तो ठोकायचा होता. पण समोर आडोसा. त्याने वळवून बघितला, त्याचा दगड आडोशाला कडेने लागला आणि बाजूला गेला. आम्ही एका पॉइंटने जिंकलो.

सगळे केयाकडे धावले. तिचाच शॉट होता तो. आडोसा कुणी टाकला होता हे कुणाच्या लक्षात आलं नाही आणि मी सांगितलंही नाही. इथे लिहून ठेवतो, माझा होता.

येताना केया गाडी चालवत होती. मागे स्मिता झोपली होती. जेबेल अलीच्या पुढे मी विचारलं, "तू मला पहिल्या मंगळवारी का नेलंस?"

तिने इंडिकेटर देऊन लेन बदलली. मग म्हणाली, "बाबा, ऑगस्टपासून तुम्ही रोज सकाळी साडेसहाला ऑफिसचे कपडे घालून सोफ्यावर बसायचात. दहापर्यंत. मम्मा अँड आय डिडन्ट नो व्हॉट टू डू."

मला वाटत होतं ते कुणी बघत नाही. स्मिता सव्वासहाला निघते आणि केया माझ्यासमोरून डोळे चोळत चहा घ्यायला जायची.

"मला वाटलं, मी तुझ्या सोबतीला येतो," मी म्हणालो.

"आय नो. मला आवडायचं ते." मग हळूच मराठीत म्हणाली, "मला सोबत होतच होती ना."

मला रडू आलं. गाडी ती चालवत होती, त्यामुळे थांबवायचं काही कारण नव्हतं. तिने एसी थोडा कमी केला आणि समोर बघत राहिली.

घर जवळ आल्यावर मी नाक पुसून म्हटलं, "लीग तर संपली. आता मंगळवारी जायचं काही कारण उरलं नाही."

"कारण कशाला लागतं?" ती म्हणाली. "साडेपाचला निघू."

मी पाचलाच खाली गाडीपाशी जाऊन उभा राहणार आहे.